उजेडाची घडी घालू नये

आमच्या आत्याच्या हातात काहीही द्या, ती त्याची घडी घालते. वर्तमानपत्र दिलं तर ते असं कडक चौकोनी होऊन परत येतं की उघडून वाचायचा धीर होत नाही. पावाच्या पुड्याचा कागद, रिकामी पिशवी, औषधाच्या बाटलीभोवतीची चिठ्ठी, सगळं दुमडून एका कोपऱ्यात गुमान बसतं. एकदा दवाखान्यात नंबर यायची वाट बघताना तिनं शेजारच्या अनोळखी बाईच्या खांद्यावरची शाल काढली, घडी घातली आणि तिच्याच मांडीवर ठेवली. त्या बाईला हुडहुडी भरली होती. पण घडी इतकी सुरेख होती की ती बिचारी "थँक्यू हं" म्हणाली आणि तशीच कुडकुडत बसली.

आत्याची लॉन्ड्री आहे. आवारात धुण्याचे हौद, भट्टी आणि पत्र्याची शेड, आवाराला लागून इस्त्रीची खोली, तिच्या मागे आत्या आणि आतोबांची राहायची खोली, आणि वर गच्चीत दोऱ्याच दोऱ्या. आमचं घर भिंतीला भिंत लावून. त्यामुळे आत्या बोलते ते सगळं आम्हाला ऐकू येतं, कळतं मात्र अर्धंच, कारण दिवसभर तिच्या तोंडात चिमटे असतात. "व्हैनी, ती व्हालदी हिकले द्या!" याचा अर्थ "वहिनी, ती बालदी इकडे द्या." वहिनी म्हणजे माझी आई. आईला चिमट्यांची भाषा कळते. मला बोलताही येते, पण त्यासाठी तोंडात निदान दोन चिमटे लागतात.

थंडी सरता सरता आमच्याकडे शेले उतरतात. ज्यानं पाहिले नाहीत त्याला सांगायला गेलं की तो म्हणतो, "अच्छा, म्हणजे इंद्रधनुष्य!" इंद्रधनुष्य नव्हे हो. सूर्य गेलेला असतो, अंधार अजून दारात घुटमळत असतो, अशा वेळी आभाळातून उजेडाचे लांबच लांब पट्टे खाली यायला लागतात. एक तांब्यासारखा, एक गडद हिरवा, एक कोवळ्या काकडीच्या आतल्या रंगाचा. आवाज काही नाही. दोरीवरचं कापड वाऱ्यावर हलावं तसे हलत हलत ते धुराड्यांपर्यंत येतात. कोरड्या वस्तूला ते शिवतही नाहीत, आरपार निघून जातात. ओली वस्तू सापडली की मात्र तिच्यात मुरतात. ओले केस थोडा वेळ चमकतात. ओला कुत्रा कंदील होऊन पळत सुटतो. आणि ओल्या सुती कापडात मुरलेला उजेड, कापड वाळलं तरी, पुढच्या थंडीपर्यंत टिकतो.

म्हणून त्या दिवसांत संध्याकाळी कोणी ओले कपडे बाहेर ठेवत नाही. शेजारच्या बेकरीवालीनं एकदा विसरून नवऱ्याचा पायजमा दोरीवर ठेवला. वर्षभर तो माणूस अंधारात गल्लीतून नुसता कमरेखालीच येताना दिसायचा.

मुद्दाम उजेड धरणाऱ्याला झेलकरी म्हणतात. आमचा झेलकरी टेकडीवर राहतो. त्यानं झेललेल्या चादरी दवाखान्यात जातात, नाहीतर बोगदा खणणाऱ्यांकडे, कारण बोगद्यात ज्योत नेता येत नाही. आणि त्या कशा जातात हे बघण्यासारखं असतं. उघड्याच्या उघड्या, चार माणसांनी चार कोपरे धरलेले, भर रस्त्यातून. सायकली थांबतात, भाजीवाले टोपल्या मागे ओढतात, पुढचा माणूस ओरडतो, "वळतोय, वळतोय, तुम्ही डावीकडून या हो!" कारण अशा चादरीची घडी घातली की संपलं. जिथं मोड पडते तिथून उजेड गळून जातो.

आता मुख्य गोष्ट. आतोबा, म्हणजे आत्याचे यजमान, कुलपं-किल्ल्यांचं काम करतात. चौकातल्या टपरीत बसायचे. गेल्या उन्हाळ्यात त्यांचे डोळे बिघडले. ऊन सुईसारखं टोचायचं, आणि दिव्यात बसलं तर डोळ्यांत वाळू टाकल्यासारखं व्हायचं. डॉक्टरांनी थेंब दिले, मलम दिलं, मग दुसरे थेंब दिले आणि शेवटी सांगितलं, "उजेडापासून जपा." आतोबांनी इतकं जपलं की मागच्या खोलीच्या खिडकीला घोंगडी ठोकली, दार लावलं आणि आत बसले ते बसलेच.

सुरुवातीला लोक भेटायला यायचे. दार वाजवलं की आतून भारदस्त आवाज यायचा, "घरी कोणी नाही."

"मग बोलतंय कोण?"

"कुलूप."

लोक हसायचे, बाहेरूनच चार गोष्टी बोलायचे. मग हसणं कमी झालं, मग लोक कमी झाले. आतोबांना त्याचंच बरं वाटत होतं, असं ते म्हणायचे. आत्या तेवढी आत जायची. जेवणाचं ताट आत ठेवायची आणि रिकामं ताट बाहेर आणायची.

या वर्षी पहिल्यांदा शेले उतरले त्या संध्याकाळी खिडकीवरची घोंगडी एका बाजूनं सुटली. आत्या चहा घेऊन गेली तर आतोबा खिडकीशी बसलेले, समोर हिरवा शेला लोंबतोय, आणि हे कानस घेऊन एका जुन्या किल्लीचे दात घासतायत. डोळे सताड उघडे.

"टोचत नाही गं," ते म्हणाले. बाळानं पहिल्यांदा पाय टाकल्यावर आई सांगते ना, तसे म्हणाले.

शेला वर गेला तशी त्यांनी घोंगडी परत ओढली. मग म्हणाले, "छान झालं. शेवटची एक किल्ली करून झाली. आता थंडी सरली की चौकात आलेल्या त्या नव्या किल्लीवाल्याला बोलाव आणि हत्यारं देऊन टाक. गंजण्यापेक्षा कोणाच्या तरी हातात राहतील."

आत्याच्या हातात त्या वेळी टॉवेल होता. तिनं त्याची घडी घातली नाही. आई नंतर म्हणाली, "तेव्हाच मला कळलं, वन्संनी काहीतरी मनावर घेतलंय."

दुसऱ्या दिवशी आत्या झेलकऱ्याकडे चादर मागायला टेकडीवर गेली. सोबत आई, आणि आईसोबत मी. झेलकरी म्हातारा आहे आणि त्याची वाक्यं त्याच्यापेक्षा म्हातारी आहेत. एक वाक्य सुरू झालं की मधे बसायला जागा शोधतं.

"अं... बाई," तो म्हणाला, "दोरी... एकच. मागणारे... ढीगभर. लहान मुलांचा वॉर्ड आहे... बोगदेवाले आहेत... या वर्षी काही... जमेलसं... दिसत नाही... असं आपलं माझं मत."

"मग मीच झेलते की," आत्या म्हणाली. "दोऱ्या आहेत, गच्ची आहे, चादर आहे."

"झेला की. आभाळ काय... माझ्या वडिलांनी ठेवलंय का? कापड जाड सुती. ओलं, पण... ठिबकणारं नको. शेला मुरताना कापड थरथरतं. थरथर थांबली की झालं. आणि मग..." इथं त्याचं लक्ष आत्याच्या हातांकडे गेलं. बोलता बोलता तिनं त्याचं पंचाएवढं अंगपुसणं घडी घालून कट्ट्यावर ठेवलं होतं. झेलकरी बराच वेळ त्या घडीकडे बघत राहिला. "आणि मग... देव तुमचं भलं करो. असं आपलं माझं मत."

शेले पुन्हा उतरले तेव्हा आमची तयारी होती. गच्चीत आत्याची सगळ्यात जाड चादर, नीट पिळून, सुरकुती झटकून टांगलेली. आत्याच्या तोंडात चिमटे, आई एका बाजूला, मी एका बाजूला आणि जिन्यावर बेकरीवाली. तिला कोणी बोलावलं नव्हतं. तिला बोलवावं लागत नाही.

"आता मी काही बोलत नाही हं," बेकरीवाली म्हणाली, "पण दोरी जरा सैल वाटते, नाही म्हणजे तुमचं काम तुम्हाला माहीत, मी आपली पावाची माणूस, पण आमच्याकडे पोती वाळत टाकतात ना, तेव्हा हे म्हणतात की, जाऊ दे, मी काही बोलत नाही, पण तो हिरवा आला बघा, आला, आला, आला!"

आला तो तांब्याच्या रंगाचा शेला, आणि थेट चादरीवर टेकला. चादर शहारली. आपण गार पाण्यात पाय घालतो तेव्हा होतं ना, अगदी तशी. मग हळूहळू कडेपासून मधापर्यंत उजेड भरत गेला आणि सगळी गच्ची, आत्याचं नाक, बेकरीवालीचं उघडं तोंड, सगळं तांबूस होऊन गेलं. थरथर थांबली. चौघींनी चार कोपरे धरले आणि "सांभाळा, सांभाळा, पायरी आहे" करत आम्ही ती चादर खाली आणली. माझ्या हातांना ती ताज्या पावासारखी कोमट लागत होती.

इस्त्रीच्या खोलीत मागच्या दारासमोर एक बाक आडवं पडलं होतं. ते सरकवण्यापुरती चादर टेबलावर पसरली. क्षणभरच. आई आणि मी बाक उचललं, आणि तेवढ्यात बेकरीवालीला आठवण झाली.

"अगं हो, यांचा पिवळा शर्ट झाला का गं?"

"झालाय की, देते ना," आत्या म्हणाली.

ते तिच्या तोंडानं म्हटलं. हातांनी फक्त "देते" ऐकलं. कोपऱ्याला कोपरा लागला, चादर अर्धी झाली, पाव झाली, तळव्याची एक सरळ फेरी, उलटून पुन्हा अर्धी, वरून थाप. आम्ही तिघी बघत राहिलो. "अगं, अगं!" म्हणायलाही कोणाला सुचलं नाही. खरं सांगू का, मधेच थांबवावं अशी ती घडीच नव्हती.

मग मोडीतून उजेड गळायला लागला. आधी थेंब, मग धार. टेबलाच्या कडेवरून खाली फरशीवर थारोळं झालं, फटींतून पसरलं आणि विझत विझत गेलं. मांजर त्यातून चालत गेलं आणि चार उजळ पाय घेऊन भट्टीमागे नाहीसं झालं.

"आता मी काही बोलत नाही," बेकरीवाली म्हणाली. आणि त्या दिवशी पहिल्यांदाच ती खरंच काही बोलली नाही.

बंद दारामागून आतोबांचा आवाज आला. "आली का चादर?"

आत्याचा हात अजून घडीवरच होता.

"घडी घातलीस ना?"

"हो," आत्या म्हणाली.

 मग, "चारी कोपरे जुळले?"

"जुळले."

"मग झालं," आतोबा म्हणाले. हसले असावेत. पण त्यानंतर ते जे बोलले त्यात हसू नव्हतं. "आता त्या किल्लीवाल्याला निरोप दे. उगाच आशा लावून बसायला नको, तूही आणि मीही."

आणि त्यांनी स्वतःच, बेकरीवालीला दाराआडून सांगून, नव्या किल्लीवाल्याला निरोप पाठवला सुद्धा. पोतं घेऊन ये म्हणाले, पेटी जड आहे.

मग गल्लीनं आत्याला उपाय सांगायला सुरुवात केली. हात बांधून घ्या. हातमोजे घाला. आई म्हणाली, "वन्सं, दोन्ही टोकांना बांबू शिवूया." आत्या म्हणाली, "वहिनी, मी बांबूही गुंडाळून ठेवीन." बेकरीवालीचं म्हणणं होतं की ऐन वेळी तिनं आत्याच्या हातांवर बसावं. "आता मी काही बोलत नाही, पण माझं वजन बघता हात हलणार नाहीत एवढी गॅरंटी."

आत्याला राग आला नाही की रडू आलं नाही. ती फक्त स्वतःच्या हातांकडे बघायची, एखाद्या आगाऊ गिऱ्हाइकाकडे बघावं तशी. "आईनं शिकवलं तेव्हा मी टेबलाएवढीही नव्हते," ती आईला म्हणाली. "आता हे माझं ऐकत नाहीत. हे तिचं ऐकतात."

युक्ती सापडली ती आचाऱ्याच्या टोपीमुळे. चौकातल्या हॉटेलच्या आचाऱ्याला उंच टोपी लागते, आणि ती वाकलेली चालत नाही. आत्या तिला घट्ट खळ घालते, म्हणजे खीर होईल इतकी दाट कांजी. त्या दिवशी वाळलेली टोपी टेबलावर होती आणि बोलता बोलता आत्याचे हात सवयीनं तिच्याकडे गेले. दाबलं. टोपी जशीच्या तशी. पुन्हा दाबलं. टोपी म्हणाली, जा, चालती हो. म्हणजे म्हणाली नाही, पण तिचा चेहरा तसा होता.

"व्हैनी!" आत्या ओरडली. चिमटे तोंडातून उडाले. "वहिनी, मी घडी घालणार. घालू दे मला. चादरीनंच घालून घेतली नाही तर?"

पण खळीच्या कापडात उजेड मुरतो का? झेलकऱ्याला विचारलं. तो म्हणाला, "माहीत... नाही. कोणी घातली नाही खळ. आम्ही... घडीच घालत नाही ना." मग उगाचच खूश झाल्यासारखा म्हणाला, "घालून बघा. मलाही... कळवा." त्यानंच सांगितलं की आभाळाचा रंग बघता आता शेले एकदाच उतरतील. मग पुढच्या थंडीपर्यंत नाही.

आत्यानं चादरीला खळ घातली ती अशी की ओली असतानाच चादर कुरकुरत होती. तिला एका सपाट चौकटीवर ताणून गच्चीत आडवी ठेवली. आता अडचण उलटी झाली. कांजी सुकायला लागली की कापड कोरडं, आणि कोरड्याला शेला शिवत नाही. पाणी ओतलं तर खळ धुऊन जाईल. तेव्हा इस्त्रीवाल्यांची जुनी पद्धत: तोंडात पाणी घ्यायचं आणि बारीक फवारा मारायचा, फुर्र!

त्या संध्याकाळी आम्ही सगळ्या गालफुगीर उभ्या होतो. शेले उतरले, पण दमलेले, फिके. एक काकडीच्या रंगाचा पट्टा येतो, चादरीवर घुटमळतो, आत जात नाही. आत्या फुर्र करायची, हातानं खूण करायची, आई फुर्र, मी फुर्र. सगळ्यात जोरदार फुर्र बेकरीवालीचं. आणि तोंडात पाणी असल्यामुळे तिला बोलता येत नव्हतं. ती भुवयांनी बोलत होती, आणि काय सांगू, भुवयासुद्धा म्हणत होत्या, "आता मी काही बोलत नाही, पण उजव्या कोपऱ्यात सुकलं!"

इतक्यात जिन्यावरून नवा किल्लीवाला वर आला. हातात पोतं. "पेटी न्यायला आलोय, काकांनी बोलावलं," तो म्हणाला. आत्याच्या तोंडात पाणी. तिनं त्याच्याकडे बघितलं, पोत्याकडे बघितलं, त्याच्या हातात तांब्या दिला आणि डाव्या कोपऱ्याकडे बोट केलं. तो बिचारा भला माणूस. त्यानं पोतं खाली ठेवलं, तोंड भरलं आणि फुर्र केलं.

बहुतेक त्याच्याच कोपऱ्यापासून सुरू झालं. चादर शहारली नाही, तिला शहारायला येतच नव्हतं. ती फक्त टणटण वाजली, बोटानं ताट वाजवावं तशी. आणि फिका उजेड कापडात उतरत गेला, दाण्यादाण्यानं, इतका सावकाश की झेलकऱ्याचं वाक्य ऐकतोय असं वाटावं. शेला वर गेला तेव्हा चादर पांढुरकी हिरवी उजळली होती. गार वारा सुटलेला होता. त्यानं ती जी वाळली ती पाटासारखी.

आत्यानं तिला चौकटीवरून सोडवलं आणि दोन्ही हातांनी घडी घालायचा मनापासून प्रयत्न केला. चादरीनं दाद दिली नाही. आत्या हसली. कितीतरी महिन्यांनी अशी, खांदे हलवत.

दोरांनी चादर गच्चीवरून आवारात सोडली. चार कोपरे, चार माणसं, नव्या किल्लीवाल्यासकट, आणि पुढे आत्या. इस्त्रीच्या खोलीचं मोठं दार पार केलं. मागच्या खोलीच्या दाराशी आलो.

चादर दारातून जाईना.

आडवी नाही, उभी नाही, तिरकी नाही. दार म्हणजे एक माणूस आणि एक ताट जाण्याएवढं. "जरा वाकवा," नवा किल्लीवाला म्हणाला. जरा वाकवली तर एका टोकाला कच्च असा आवाज झाला आणि उजेडाचा एक थेंब फरशीवर पडला. सगळे दगड झाले.

"आता मी काही बोलत नाही, पण दारच काढलं तर?"

"दाराची चौकट कुठं काढणार?" आई म्हणाली. "भिंत पाडायची का?"

आत्या दारासमोर उभी होती. आतून आवाज आला, "काय चाललंय? कोणाचे पाय वाजतायत एवढे?"

"चादर झाली," आत्या म्हणाली. "चांगली झाली. पण आत येत नाही."

"मग?"

"मग काय! ती येत नाही, तर तुम्ही या."

आत काहीतरी पडलं. बहुधा वाटी. "मी? बाहेर?"

"शेडमध्ये. तिथं दांड्यांवर बांधते ती. खाली बाक टाकते."

"तिथं लोक असतात!"

"लोकच असतात. वाघ नसतात."

"आणि लोकांसमोर मी भिंत चाचपत यायचं? डोळ्यांवर फडकं बांधून? सगळ्यांनी म्हणायचं, बघा बघा, किल्लीवाल्याची काय दशा झाली."

"म्हणू देत. तुम्ही त्यांच्या कुलपांना काय काय म्हणत होतात ते मला माहितीये."

यावर आत विचार चालू असल्याचं ऐकू आलं. मग, "बेकरीवाली आहे का तिथं?"

"आहे."

"मग मी येत नाही."

"अहो, मी जाते हो!" बेकरीवाली म्हणाली, आणि तिचा आवाज असा कधी ऐकला नव्हता, लहान झालेला. "मी घरी जाते, तुम्ही या. खरंच जाते."

 "थांबा," आतोबा म्हणाले. "तुम्ही गेलात तर तुमचा कोपरा कोण धरणार?"

चादर उलट फिरवून शेडमध्ये नेली, वरच्या दांड्यांना टोकाटोकाला बांधली. खाली बाक, बाकावर आत्याची जुनी रजई, शेजारी एक स्टूल. मग दाराची कडी वाजली.

आतोबा आले ते ओला टॉवेल डोळ्यांवर धरून, एक हात भिंतीवर. इस्त्रीच्या टेबलाला कंबर लागली, "हे कोणी इथं ठेवलं?" ते टेबल त्यांच्या लग्नाच्या आधीपासून तिथंच आहे. बालदीला पाय लागला, बालदी गडगडली. हात धरायला आई पुढे झाली, तर आत्यानं तिला डोळ्यांनीच थांबवलं. ती फक्त बोलत राहिली, "इकडे, सरळ, आता पायरी उतरा, अजून एक, झालं, बसा." आणि ते बसले.

टॉवेल खाली यायला वेळ लागला. आधी एक डोळा, मग दुसरा. पांढुरका हिरवा उजेड त्यांच्या चेहऱ्यावर पडला होता. दाढी वाढलेली, गाल बसलेले. ते मिटमिट करत राहिले. आम्ही सगळे त्यांच्या पापण्यांकडे बघत, टोचतंय का, टोचतंय का.

आतोबांनी सगळं आवार एकदा नजरेखालून घातलं. हौद, भट्टी, दोऱ्या. मग म्हणाले, "ही भिंत कोणी रंगवली?"

"मी," आत्या म्हणाली. "पावसाआधी."

"भयंकर दिसते."

आत्यानं पदरानं डोळे पुसले. "पुढच्या वेळी तुम्ही रंगवा."

"रंगवीन. यापेक्षा बरी रंगवीन." मग त्यांनी तिच्याकडे पाहिलं, नीट, वरपासून खालपर्यंत, बिघडलेलं कुलूप हातात आल्यावर बघतात तसं. "तू वाळलीस."

"आणि तुम्ही फुगलात का? गप्प बसा."

पण गप्प कसले बसतात. इतके महिने आत बसून त्यांनी काय केलं होतं तर ऐकलं होतं. सगळ्या गल्लीची कुलपं. "बेकरीवाल्या बाई, तुमच्या शटरचं कुलूप सकाळी दोनदा फिरवावं लागतं. दुसऱ्या फेऱ्यात तुम्ही त्याला शिवी देता. ऐकू येते मला. किल्लीचा तिसरा दात झिजलाय. आणा इकडे. वहिनी, तुमच्या कपाटाची किल्ली अडकते, ओढताना कपाटाचं दार ठणकतं. तीही आणा."

बेकरीवाली पळत गेली आणि पळत आली. नव्या किल्लीवाल्यानं मागच्या खोलीतून हत्यारांची पेटी उचलून आणली आणि शेडच्या पलीकडच्या टोकाला, हौदाच्या कट्ट्यावर ठेवली. पोतं त्यानं आपलं आपण गुंडाळून काखेत घातलं होतं.

"तुला पेटी देतो म्हणालो होतो," आतोबा त्याला म्हणाले. जरा ओशाळले होते.

"राहू द्या, काका. तुमच्या कानशींच्या मुठी एवढ्या झिजल्यात की माझ्या हातात बसायच्याच नाहीत. मला आपलं कधीतरी येऊन बघू द्या, म्हणजे झालं."

"बघायला काय जातं? ये. पण फुकट बोलत बसायचं नाही."

तो गेला. आई स्वयंपाकाला गेली. बेकरीवाली स्टुलावर बसली होती, जाते जाते म्हणत होती आणि जात नव्हती. वर चादर उजळत होती, कच्च झालेल्या टोकाला एक बारीक काळी रेघ, बाकी अख्खी. बाहेर गल्लीत जाणारे लोक वाकून बघायचे आणि "अरे, बाहेर आलात!" म्हणायचे. प्रत्येकाला आतोबांचं ठरलेलं उत्तर होतं, "आलो, आता दिसतंय ना?" तेवढंच. पण प्रत्येक वेळी थोडं मोठ्यानं.

आत्यानं भट्टीत निखारे सारले, इस्त्री भरली.

"ती बारीक कानस दे गं," आतोबा किल्लीवरची नजर न काढता म्हणाले.

आत्यानं पेटीतून एक काढून दिली.

"ही नव्हे. बारीक."

तिनं दुसरी दिली.

"ही नव्हे गं. शेपटी तुटलेली. इतकी वर्षं संसार केलास माझ्याशी आणि..."

"माझी इस्त्री तापलीये," आत्या म्हणाली. "उठा आणि आपली आपण घ्या."

आतोबांनी मान वर केली. शेडच्या त्या टोकापर्यंत मधे काहीच नव्हतं, ना भिंत, ना टेबल, ना धरायला दोरी. बेकरीवालीनं तोंड उघडलं आणि मिटलं. आतोबा गुडघ्यांवर हात ठेवून उठले, कुरकुरले आणि चालत जाऊन पेटी धुंडाळायला लागले.